अ‍ॅपल क्रिस्पचा वरचा थर मऊ का पडतो?

प्रश्न: अ‍ॅपल क्रिस्प (सफरचंदाच्या फोडींवर ओट्सचा कुरकुरीत थर पसरून ओव्हनमध्ये भाजलेला गोड पदार्थ) करताना सफरचंदं शिजतात, पण तळाशी पाणी साठतं आणि वरचा ओट्सचा थर लगदा होतो. ओव्हन १८० अंशांवर, वेळ ३० मिनिटं. काय बदलू?

उत्तर १: वेळ कमी पडतोय. ४० ते ४५ मिनिटं लागतात. घड्याळापेक्षा भांड्याच्या कडेला बघा: रस नुसता पातळ उकळत असेल तर थांबा. बुडबुडे जाडसर, संथ फुटायला लागले की रस घट्ट करणारं कॉर्नफ्लोअर शिजलं. १ किलो सफरचंदांना १ मोठा चमचा कॉर्नफ्लोअर, २ चमचे साखर, १ चमचा लिंबाचा रस. फोडी १ सेंमी जाड ठेवा. पातळ कापांचा मुरंबा होतो. ग्रॅनी स्मिथसारखं आंबट, घट्ट सफरचंद उत्तम.

उत्तर २: वरच्या थरासाठी ९० ग्रॅम मैदा, ९० ग्रॅम जाड ओट्स, १०० ग्रॅम ब्राउन शुगर, १०० ग्रॅम लोणी, दालचिनी, चिमूटभर मीठ. इन्स्टंट ओट्स नकोतच, ते रस पिऊन चिकट होतात. लोणी फ्रिजमधलं थंडगार घ्या, बोटांच्या टोकांनी चोळा, वाटाण्याएवढे गोळे राहू द्या. थर दाबू नका, वाफ बाहेर पडायला जागा हवी.

उत्तर ३: बाहेर काढल्यावर झाकू नका! वाफ कोंडली की कुरकुरीतपणा गेलाच. २० मिनिटं उघडं ठेवा, तेवढ्यात रसही आळतो. उरलेलं ओव्हनमध्येच गरम करा, मायक्रोवेव्हमध्ये नाही.