शब्दचर्चा : ‘उरागिरिमोनो’ला मराठीत काय म्हणाल?

प्रश्न : ‘डेव्हिलमॅन’ या जपानी टीव्ही मालिकेच्या (१९७२) शीर्षकगीतात नायकालाच ‘उरागिरिमोनो’ म्हटलंय. कोशात ‘विश्वासघातकी’ असा अर्थ मिळतो. नायकाच्या गाण्यात ही शिवी कशाला? मराठीत कोणता शब्द बसेल?

उत्तर : शिवी खरीच आहे, पण कोणाच्या तोंडची ते बघा. टीव्हीवरच्या कथेत सैतानांपैकीच एक जण फुदो आकिरा या मुलाच्या शरीरात शिरतो. मिकी या मुलीवर त्याचा जीव जडतो आणि तो आपल्याच जमातीवर उलटतो. त्याला गद्दार म्हणतात ते सैतान! गीतकार आकू यू यांच्या ओळीचा आशय असा, की हे नाव घेऊन, सगळं सोडून तो लढतो. ओळीतल्या ‘उकेते’चा अर्थ पत्करून. तो ठपका झटकत नाही, म्हणूनच मला हे गाणं एवढं आवडतं. मी लिहीन, ‘गद्दाराचा शिक्का माथी घेऊन’. ‘विश्वासघातकी’ चालीत बसणार नाही.

आणखी एक : ‘फितूर’ किंवा ‘घरभेदी’ का नको?

उत्तर : फितुराला कोणीतरी फोडलेलं असतं. साक्षीदार फितूर होतो तो पैशाने नाहीतर धाकाने. याला कोणी फोडलेलं नाही. ‘घरभेदी’ म्हटलं की बिभीषण आठवतो, आणि बाजू बदलण्यापुरतं ते जुळतंही. पण घरभेदी घरातलं गुपित बाहेर नेतो. हा सरळ अंगावर जातो.

‘डेव्हिलमॅन’च्या आधी, त्याच शनिवारी संध्याकाळी, ‘किकायदा’ ही मालिका लागायची. दोन्ही ८ जुलै १९७२ रोजी सुरू झाल्या. किकायदा हा यंत्रमानव, अर्धा लाल, अर्धा निळा, आणि त्याचं ‘र्‍योशिन काइरो’ म्हणजे सदसद्विवेकाचं सर्किट अपुरं राहिलेलं. खलनायक प्राध्यापक गिलची बासरी वाजली की तो डोकं धरून तळमळतो. डेव्हिलमॅनवरचा ठपका शीर्षकगीतातून कळतो, तर किकायदाचं वैगुण्य कथेतल्या सुरांतूनच ऐकू येतं. ‘र्‍योशिन’ला मात्र ‘सदसद्विवेकबुद्धी’ लांबलचक होते, बोलताना ‘मन खातं’ मधलं ‘मन’ पुरेल.

प्रश्नकर्ता : आणि ‘डेव्हिलमॅन’चं शेवटचं गाणं?

उत्तर : तेही आकू यू यांचंच. सुरुवातीचं गाणं ‘तो कोण, कोण?’ असं ओरडून विचारतं. शेवटचं म्हणतं, तो कोण हे कोणाला कळता कामा नये. माणसांच्या जगात प्रेम आहे, स्वप्नं आहेत, हे सुंदर आहे ते त्याला ‘मामोरिताइ दाके’. ‘दाके’ म्हणजे ‘एवढंच’. इथे ‘रक्षण करणे’ घेऊ नका, पोलिसी वाटतं. ‘जपायचंय, एवढंच’ असं करा.