मदत हवी आहे: शिओयाकीची कातडी तव्यालाच चिकटते

मंडळी, काल साबा शिओयाकी, म्हणजे मीठ लावून भाजलेला बांगडा, घरी करून पाहिला. तुकड्यांना मीठ चोळून 20 मिनिटं ठेवलं, सुटलेलं पाणी टिपलं आणि कातडीची बाजू खाली करून तव्यावर टाकले. वास झकास! पण उलटताना कातडी सगळी तव्यालाच, ताटात नुसता चुरा. घरचे बिचारे चमच्याने खात होते. उलटायची घाई झाली, की तवाच नीट तापला नव्हता? ओव्हनच्या ग्रिलखाली बरं जमेल का? मिसो सूप मात्र छान झालं, गॅस बंद करूनच मिसो (आंबवलेल्या सोयाबीनची जपानी पेस्ट) विरघळवला. सोबतचा किसलेला मुळा किती पिळायचा, तेही सांगा. शनिवारी पाहुणे येताहेत हो!