मदत हवी आहे : गुप्तचर खात्यातून निवृत्त मामांसाठी समुपदेशक

मामा 71 वर्षांचे, निवृत्त होऊन अकरा वर्षं झाली. अजूनही तर्री-पोहे खायला पाठ भिंतीला लावूनच बसतात. गल्लीत नवी स्कूटर दिसली की नंबर कॅलेंडरच्या कोपऱ्यात टिपतात. रात्री तीनला जाग ठरलेली. दारू नाही, बीपी-शुगर नॉर्मल, स्मरणशक्ती तर माझ्यापेक्षा तल्लख. झोपेची गोळी मिळाली, पण ‘गुंगीत काही बोलून गेलो तर?’ म्हणून घेत नाहीत. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनला 14416 वर फोन लावून दिला. नाव विचारताच मामांनी ठेवला. गुप्तचर खात्यातल्या निवृत्तांसाठी 2021मध्ये बदललेले पेन्शनचे नियम लेखन-प्रकाशनाबद्दलचे, तरी समुपदेशकाशी बोललो तर पेन्शन जाईल ही धास्ती. मानसिक आरोग्यसेवा कायदा, 2017 मध्ये गोपनीयतेचा हक्क आहे म्हटलं, तर नुसते हसले. कामाचा तपशील न विचारता उपचार करणारं, निवृत्त पोलीस-फौजींचा अनुभव असलेलं नागपुरात कोणी आहे का? आणि पहिल्या भेटीत मी सोबत बसलेलं चालतं का?