आजारपण आणि बदली : आधी मॅट की आधी रुजू?

मराठवाडी
राज्य शासनाचा कर्मचारी डायलिसिसवर असेल आणि मुदतीआधी बदली झाली, तर आदेश मिळताच मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, मूळ अर्ज दाखल करावा. रुजू होऊ नये. एकतर्फी कार्यमुक्त केले आणि खुर्चीवर दुसरा येऊन बसला की स्थगिती मिळणे फार अवघड होते. 2005 च्या बदली अधिनियमात 3 वर्षांचा पदावधी आहे. त्याआधी हलवायचे तर कलम 4(5) प्रमाणे कारणे लेखी नोंदवून वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते. बदलीची कागदपत्रे माहिती अधिकारात मागवली तर 30 दिवस जातील, तेवढे थांबू नका. बदलीची नस्ती (फाईल) हजर करण्याची मागणी अर्जातच करा.

सातारकर
‘रुजू होऊ नये’ हा सल्ला घातक आहे. गुजरात वीज मंडळ विरुद्ध पोशानी, 1989 वाचा. तिथे रुजू न झालेल्या कर्मचाऱ्याची नोकरी गेली आणि सर्वोच्च न्यायालयाने ते कायम ठेवले. बदलीविरुद्धचे निवेदन प्रलंबित असणे म्हणजे स्थगिती नव्हे. आदेशाच्या दिवशी वैद्यकीय रजा टाकणारेही असेच फसतात: रजेवर असतानाच कार्यमुक्ती होते, वर वैद्यकीय मंडळापुढे पाठवले जाते. मंडळाने ‘कामास योग्य’ लिहिले की तोच कागद तुमच्याविरुद्ध जातो. ‘हक्क अबाधित ठेवून’ असे लेखी देऊन रुजू व्हा. त्याने दाद मागायचा हक्क बुडत नाही.

मराठवाडी
आठवड्यातून 3 वेळा, प्रत्येकी सुमारे 4 तास डायलिसिस घेणाऱ्याने कुठल्या तालुक्यात रुजू व्हायचे? डायलिसिसची हुकलेली एक पाळीसुद्धा जिवावर बेतू शकते. अशा वेळी कागदोपत्री शहाणपण माणसाच्या आधी येता कामा नये.

सातारकर
म्हणूनच प्रमाणपत्र नीट हवे. ‘विश्रांतीचा सल्ला’ असल्या मोघम वाक्याला आस्थापना शाखा विचारत नाही. आजार, निदानाची तारीख, आठवड्यातल्या पाळ्या, जवळचे केंद्र किती किलोमीटरवर, उपचार किती काळ चालणार, हे सगळे त्यात हवे, आणि तेही जिल्हा शल्य चिकित्सकांकडून. नव्या ठिकाणच्या शासकीय रुग्णालयात डायलिसिस आहे का, ते आधी स्वतः तपासा. आता बऱ्याच ठिकाणी ते असते, आणि कार्यालयाचे पहिले उत्तर तेच येते. शिवाय नुसते ‘बदली रद्द करा’ लिहू नका. सोयीच्या दोन-तीन रिक्त पदांची नावे द्या. रिक्त पद दाखवले की अधिकाऱ्याला नकारासाठी कारण शोधावे लागते.

वऱ्हाडी
दोघांचेही एक सुटले. सर्वोच्च न्यायालयाच्या शिल्पी बोस, 1991 या निकालानुसार निव्वळ प्रशासकीय सूचना मोडली म्हणून न्यायालय सहसा बदलीत हात घालत नाही. कायद्याचा भंग किंवा आकस दाखवावा लागतो. मग आजाराला कायद्याचा आधार कुठला? सिकलसेल, थॅलेसेमिया, पार्किन्सन असेल तर दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, 2016 चे कलम 20 धरा. वाजवी सोय पुरवणे हे तिथे शासकीय आस्थापनेचे कर्तव्य आहे. मूत्रपिंडाचा आजार आणि कर्करोग मात्र त्या अधिनियमाच्या अनुसूचीत, म्हणजे दिव्यांगत्वांच्या यादीत, नाहीत, आणि हा मला उघड अन्याय वाटतो. त्यांची मदार पदावधीवर आणि नस्तीतल्या त्रुटींवरच.
जिल्हा परिषद शिक्षकांनी मॅटचा नाद सोडावा, तिथे त्यांचा अर्ज चालत नाही. त्यांना विशेष संवर्ग भाग 1, म्हणजे गंभीर आजारी, दिव्यांग वगैरे शिक्षकांचा बदलीतला प्राधान्य गट, आहे. त्यात बसत असाल तर ऑनलाइन अर्जात बदलीला ‘नकार’ वेळेत नोंदवा.

मराठवाडी
कलम 20 चा मुद्दा मान्य. रुजू होण्याबाबत मात्र माझे मत तेच आहे: कार्यमुक्तीआधी मॅटचा दरवाजा ठोठावणे हाच डायलिसिसवाल्याचा खरा बचाव. स्थगिती नाकारली गेली, तर मग त्याच दिवशी रुजू व्हा.