नोटमध्ये नुसतंच 'हॉर्स रायडिंग अ‍ॅक्सिडेंट': व्ही८०.९१९ लावायचा की नाही?

क्लेमकर: अमेरिकन रुग्णालयाचा इमर्जन्सी चार्ट, म्हणजे रुग्णाची नोंद. त्यावरून आयसीडी-१०-सीएम (आजार, इजा आणि त्यांच्या कारणांच्या कोडची अमेरिकन यादी) प्रमाणे कोड लावायचे आहेत. डॉक्टरांनी लिहिलंय, 'हॉर्स रायडिंग अ‍ॅक्सिडेंट, डावं क्लॅव्हिकल फ्रॅक्चर' (कॉलरबोन मोडलं). बस्स. स्वार पडला, झाडावर आपटला की गाडीने उडवला, काही पत्ता नाही. बरेच कोडर इथे सरळ व्ही८०.०१०ए लावून मोकळे होतात, म्हणजे धडक नसताना घोड्यावरून पडला किंवा फेकला गेला. चार्टमध्ये नसलेलं पडणं आपण कुठून आणायचं? फ्रॅक्चरला एस४२.००२ए आणि कारणाला व्ही८०.९१९ए (प्राण्यावरच्या स्वाराचा अनस्पेसिफाइड, म्हणजे प्रकार न नोंदलेला अपघात), हाच कोड बरोबर. अनस्पेसिफाइड म्हणजे आळस, ही समजूत क्यूएने (कोड तपासणाऱ्यांनी) सोडावी.

ऑडिटवाली: समजूत उगाच झालेली नाही. डॉक्टरांची नोट वाचली की चार्ट बंद, अशीच सवय जास्त. ट्रायज नोट (रुग्ण आल्याआल्या नर्सने केलेली नोंद), अँब्युलन्सवाल्यांची शीट आणि एक्स-रे मागवताना लिहिलेलं कारण, एवढं तरी उघडा. 'थ्रोन फ्रॉम हॉर्स' बहुतेक वेळा तिथेच बसलेलं असतं. झाडावर किंवा कुंपणावर आपटला असेल तर व्ही८०.८१एक्सए, मोटारीशी टक्कर असेल तर व्ही८०.४१एक्सए. या दोन्हींत सहावी रिकामी जागा भरायला एक्स टाकावा लागतो, म्हणजे शेवटचं अक्षर सातव्या जागी येतं. व्ही८०.९१९ मुळात सहा कॅरेक्टरचा, त्यात एक्स घुसवला की कोड रिजेक्ट.

सहावा_अंक: ट्रायज नोटवरून कोड लावायला सगळे क्लायंट परवानगी देत नाहीत. आजाराचं निदान प्रोव्हायडरच्या (उपचार करणाऱ्या डॉक्टरांच्या) नोंदीवरूनच घ्यायचं, हा मूळ नियम. अपघाताच्या कारणासाठी इतरांची नोंद चालते का, हे क्लायंटकडून लेखी घ्या. आणि नर्स म्हणते 'लाथ बसली', डॉक्टर म्हणतात 'पडला', असं असेल तर अंदाज नको, डॉक्टरांना क्वेरी (लेखी विचारणा) टाका. खाली उभं राहून घोडा घासताना लाथ बसली तर तो माणूस स्वारच नाही, तिथे डब्ल्यू५५.१२एक्सए.

रात्रपाळी: एवढ्यासाठी क्वेरी? या कोडने दमडीचा फरक पडत नाही. एक्स्टर्नल कॉज (इजेच्या बाह्य कारणाचे) कोड पहिल्या जागी येत नाहीत आणि देशपातळीवर सक्तीचेही नाहीत. कारण कळत नसेल तर कोडच टाकू नका. टर्नअराउंड टाइम (चार्ट संपवायची मुदत) कोण सांभाळणार?

ऑडिटवाली: सक्ती नाही हे अर्धंच खरं. राज्याचा नियम असेल किंवा पेयरने (बिल भरणाऱ्या विमा कंपनीने वगैरे) मागितलं असेल तर टाकावाच लागतो. शिवाय रुग्ण ट्रॉमा सेंटरचा (गंभीर इजांच्या केंद्राचा) असेल तर तिथल्या इजांच्या रजिस्ट्रीत मुख्य एक्स्टर्नल कॉजचा रकानाच आहे. पैसे मिळत नाहीत म्हणून वगळला, हे उत्तर ऑडिटमध्ये टिकत नाही.

क्लेमकर: सहमत. पण व्ही८०.९१९ची खरी अडचण वेगळीच आहे, तिच्याबद्दल कोणी बोलत नाही. त्यात 'प्राण्यावरचा स्वार' एवढंच आहे, प्राणी कोणता ते नाही. डॉक्टरांनी स्पष्ट लिहिलेला घोडा कोडमधून गायब होतो! म्हणून जोडीला वाय९३.५२ लावा, तो घोडेस्वारीचाच अ‍ॅक्टिव्हिटी कोड आहे. हौसेची स्वारी असेल तर वाय९९.८, पगारी जॉकी असेल तर वाय९९.०. जागा लिहिलेली असेल तरच वाय९२. नसेल तर वाय९२.९ (जागा माहीत नाही) टाकू नका, गाइडलाइनच नको म्हणते. हे तिन्ही वाय कोड उपचाराच्या पहिल्या भेटीत एकदाच.

सहावा_अंक: आणि सातवं कॅरेक्टर जपा. 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हे, तर सक्रिय उपचार. आठवड्याने त्याच हाडाचं ऑपरेशन झालं तरी 'ए'च. हाड जुळतंय ना हे बघायला आला की एस४२.००२डी, आणि सोबत व्ही८०.९१९डी. फ्रॅक्चरला डी आणि कारणाला ए, ही विजोड जोडी फार दिसते.

रात्रपाळी: मग डब्ल्यू१९.एक्सएक्सएक्सए का नको? अनस्पेसिफाइड फॉल, सोपा.

क्लेमकर: पुन्हा तेच, पडल्याचा पुरावा नाही. आणि पडल्याची नोंद असली तरी स्वार पडला की व्ही८०.०१०, उंटावरून पडला तर व्ही८०.०१८. डब्ल्यू१९मध्ये स्वारीचा मागमूस राहत नाही.

माथेरानवाला: आपल्याकडच्या रुग्णालयांना हे लागू आहे का?

सहावा_अंक: नाही. सीएम ही अमेरिकन आवृत्ती. डब्ल्यूएचओच्या आयसीडी-१०मध्ये व्ही८०.० आणि व्ही८०.९ आहेत, पण घोडा-उंट असा फरक नाही. टांग्यात बसलेलाही त्यातच.

ऑडिटवाली: माझ्यापुरतं सांगते: तपशील चार्टमध्ये असताना व्ही८०.९१९ दिसला तर एरर. नसेल तर नाही. पण क्लेमकर, 'कुठेही सापडलं नाही' याची एक ओळ कोडरच्या कमेंटमध्ये हवी. नाहीतर पाहिलं की नाही, हे क्यूएला कळणार कसं?

रात्रपाळी: म्हणजे टायपिंग वाढलं. मी अजूनही वगळण्याच्याच बाजूने.