मदत हवी आहे: शोरीलमध्ये फक्त पावसाळी काम ठेवू का?

मी बेळगावची. लग्नाच्या शूटिंगवर घर चालतं, शिवाय खानापूर-जांबोटी भागात मराठी, कन्नड लघुपटांचा कॅमेरा केलाय. आता पुण्या-मुंबईत एखाद्या सिनेमॅटोग्राफरकडे असिस्टंट म्हणून लागायचंय, त्यासाठी दोन मिनिटांचं शोरील, म्हणजे माझ्या निवडक शॉट्सचा नमुना, करतेय. एफटीआयआयचं (पुण्याच्या सरकारी फिल्म संस्थेचं) विचाराल तर घर सोडून पूर्णवेळ शिकणं सध्या जमणार नाही. लग्नाचं फुटेज रीलमध्ये घालणार नाही.

माझं जीव लावून केलेलं काम सगळं पावसातलं आहे: ढगाळ उजेड, कौलांवरून गळणारं पाणी, चुलीच्या जाळात अर्धाच दिसणारा म्हातारीचा चेहरा. कॅमेरा सोनी एफएक्स३०, एस-लॉग३ (नंतर रंग सुधारता यावेत म्हणून फिकट, सपाट चित्र देणारं सेटिंग). अडतंय ते झाडीखाली. पानांतून गाळून येणारा हिरवा उजेड चेहऱ्यावर चढतो. व्हाइट बॅलन्स (कॅमेऱ्यातला रंगांचा तोल) ५६०० केल्विनवर लॉक केला, एका बाजूला काळं कापड धरलं, एलईडीवर मॅजेंटा जेल (हिरवा मारणारी किरमिजी पारदर्शक फिल्म) लावून पाहिली. त्वचा सुधारते, पण रानाचा ओलेपणा जातो, आणि तो मला हवाच आहे. ग्रेडिंगमध्ये (शूटनंतर रंग सुधारताना) फक्त त्वचा वेगळी काढली तर कडा खोट्या वाटतात. मोठे दिवे भाड्याने परवडत नाहीत.

असिस्टंट निवडणाऱ्यांनी कृपया सांगावं: चेहऱ्यावर थोडा हिरवा राहिला तर ती चूक धरता का? आणि रीलमध्ये ही एकच धाटणी ठेवू, की उन्हातले, घरातले शॉटही घालू?