दावा गैरहजेरीत काढला. निशाणी ५ आणि प्रतिदाव्याचं काय?

वाघाड
नाशिकला वरिष्ठ स्तर कोर्टात दिंडोरीच्या जमिनीचा दावा, घोषणा आणि कायम मनाईचा. निशाणी ५, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा अर्ज, मंजूर होती. पुराव्याच्या तारखेला वादीकडून कोणीच नाही, दावा काढून टाकला. प्रतिवादीचा ताब्यासाठी प्रतिदावा आहे. निशाणी ५ चा हुकूम मोडल्याचा वादीचा अर्जही पडून आहे. दावा परत नोंदीवर आला तर मनाई आपोआप परत येते का?

रोजनामा
आधी त्या तारखेच्या रोजनाम्याची (कोर्टाच्या रोजच्या कामकाजाच्या नोंदीची) नक्कल काढा. ‘प्रतिवादीचे वकील हजर’ एवढे तीन शब्द असले तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ९ नियम ८ लागतो: त्याच कारणावर नवा दावा बंद, दावा परत नोंदीवर घेण्याचा नियम ९ चा अर्ज हाच रस्ता. दोन्ही बाजू गैरहजर असत्या तर नियम ३ आणि नियम ४; तिथे मुदतीत नवा दावाही चालतो. अर्जाची मुदत ३० दिवस, तीही दावा काढल्याच्या तारखेपासून. नक्कल हातात पडल्यापासून दिवस मोजतात आणि तिथेच फसतात. उशीर झाला असेल तर विलंबमाफीचा अर्ज सोबतच द्या.

दावा गेला की निशाणी ५ गेली. दावा परत आला की तीही जिवंत होते, हे वरीद जेकब विरुद्ध सोसम्मा गीवर्गीस (२००४) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने ठरवलंय. मात्र दावा परत नोंदीवर घेताना कोर्टाने ती वगळलेली नसावी, उघडपणे किंवा हुकमाच्या रोखावरून. म्हणून विनंतीतच ‘निशाणी ५ च्या हुकमासह दावा पूर्ववत’ असं लिहा. खरा धोका मधल्या दिवसांचा. तेव्हा समोरच्याने जमिनीत काही केलं तर हुकूम मोडल्याचा ठपका बसत नाही. दावा परत नोंदीवर घेण्याच्या त्या किरकोळ अर्जातच शपथपत्रासह कलम १५१ खाली ‘जैसे थे’ मागा.

पुरसिस
प्रतिदावा दाव्याच्या पाठीवर बसलेला नाही, त्याला स्वतःचे पाय आहेत. आदेश ८ नियम ६-डी प्रमाणे दावा काढला तरी तो पुढे चालू शकतो. घोळ नोंदीत होतो: संगणकावर दावा ‘निकाली’ दिसतो आणि फाइल अभिलेख कक्षात जाते. प्रतिवादीने लगेच अर्ज देऊन प्रतिदाव्याची पुढची तारीख घ्यावी. वादीने प्रतिदाव्याला कैफियत (लेखी उत्तर) दिली नसेल तर आधी ती द्यावी. नियम ६-ई खाली तेवढ्यावर विरुद्ध निकाल होऊ शकतो.

हुकूम मोडल्याचा अर्जही (आदेश ३९ नियम २-अ) सोडू नका. हुकूम पुढे रद्द झाला तरी तो चालू असताना केलेला भंग पुसला जात नाही, असं समी खान विरुद्ध बिंदू खान (१९९८) सांगतं. दावा निघून गेल्यावरही तोच मुद्दा मांडा.

नाझर
वसुलीच्या दाव्यात, म्हणजे द्राक्षाचे पैसे थकले वगैरे, निकालापूर्वीची जप्ती असेल तर नियम उलटा आहे. आदेश ३८ नियम ११-अ: दावा नुसता नोंदीवर परत आला म्हणून जप्ती परत येत नाही. नव्याने अर्ज, नवा हुकूम. मनाईसारखंच समजून वादी स्वस्थ बसतो आणि तोवर माल विकलेला असतो.

वाघाड
निशाणी ५ विरुद्ध प्रतिवादीचं किरकोळ दिवाणी अपील जिल्हा न्यायालयात आहे, त्याचं?

रोजनामा
मूळ हुकूमच उरला नाही, त्यामुळे ते निरर्थक म्हणून निकाली निघेल. प्रतिवादीने तिथे पुरसिस (कोर्टाला लेखी निवेदन) देताना ‘दावा परत आल्यास अपील पुन्हा चालवण्याची मुभा’ मागून हुकमात नोंदवून घ्यावी. नाहीतर मनाई परत येईल आणि अपील मात्र बंद झालेलं असेल.